उपसणारी

तीन रात्री वेगळं अंथरूण.
जमिनीवर सांडलेला डाळिंबाचा दाणा उचलायचा नाही,
तेही पाळलं.
आता कमरेला दोर, काखेत टोपली
आणि समोर हालिमूसच्या टेकडीचं हे तोंड,
ज्याबद्दल घरी जाऊन बोलायचं नसतं.

वर दोर धरून निकोबुले आणि तिची धाकटी जाऊ.
"टाळ्या वाजव," निकोबुले म्हणते,
"थांबू नकोस. साप असतात."
साप असतात हे ती मला सांगते!
सात वर्षं मीच उतरते आहे.

पुरुष गातात त्या गोष्टीत रथ असतो,
काळे घोडे, फुलं खुडणारी मुलगी,
जमीन दुभंगते,
आई मशाली घेऊन रानोमाळ.
असेल, सगळं खरं असेल.
पण त्याच भेगेत एका माणसाची डुकरंही गडप झाली.
एव्बुलेउस. डुकरं राखायचा.
कळपाचं पुढे काय झालं, कुणी विचारत नाही.
म्हणून उन्हाळ्यात आम्ही बायका
जिवंत पिल्लं खाली सोडतो,
आणि पेरणीच्या तोंडावर
उरलं असेल ते वर काढतो.

टाळी. टाळी.
इथला वास नाकाच्या आधी डोळ्यांना झोंबतो.
पाइनच्या कुजक्या फांद्या,
कणकेचे साप, खऱ्या सापांनी अर्धे खाल्लेले,
मऊ पडलेलं कातडं, हाताला येतं आणि हातातच राहतं.
एक खूर,
माझ्या करंगळीच्या नखाएवढा.

माझी ख्रीसिला एव्बियाला दिली होती.
स्थळ चांगलं होतं: दोन नावा, ऑलिव्हचा उतार,
सासू बोलायला गोड.
दुसऱ्या हिवाळ्यात नाव आली ती निरोप घेऊन.
बाळंतपण. बाळही.
राख त्यांच्याच जमिनीत पुरली, रीतच तशी.
देवीला तिची लेक वर्षातले आठ महिने परत मिळाली.
मला खांद्याची तांब्याची टाचणी मिळाली,
तीही वाकलेली.

पाचव्या वर्षी मी टाळ्या थांबवल्या.
ठरवून नाही. हात थकले होते.
काळोख जवळ सरकला.
पावलावरून काहीतरी गेलं, गार, सावकाश,
घरधनी आपल्याच अंगणातून जावा तसं.
आणि ज्याचं नाव कुणी घेत नाही,
ज्याला नुसतं 'श्रीमंत' म्हणून वेळ मारून नेतात,
त्याचं नाव मी घेतलं.
म्हटलं, हेडीस,
इतकी माणसं पडली आहेत तुझ्याकडे.
मोजतोस तरी का?
एक कमी झाली तर कळेल का तुला?

पाणी ठिबकत होतं कुठेतरी.
तेवढंच.

वरून दोराला हिसका बसला.
"मेलीस की काय गं?" निकोबुले ओरडली.
मी टाळी वाजवली.

वर आल्यावर सगळं वेदीवर ठेवतात,
बियाण्यात कालवतात, मूठ मूठ वाटतात.
बायका पदराखाली झाकून नेतात,
तोंड फिरवून, वासाने उलटी दाबत,
आणि त्यांची शेतं पिकतात, हे मी पाहिलं आहे.

माझ्या वाट्याची मूठ मी शेतात टाकत नाही.
मडक्यात भरते, मेणाने तोंड बंद करते,
एव्बियाच्या नावाड्याला दोन ओबोल देते.
विहिणीला सांग म्हणते, खत आहे.
वरच्या उताराला टाका.
वरचाच उतार, असं दोनदा सांगते.
तो नाक मुरडतो, पण नेतो.

गेल्या उन्हाळ्यात तिकडून जवाचं एक पोतं आलं,
निरोप नाही, नुसतं पोतं.
दळलं. थापलं. भाकरी काही फुगली नाही.
खाताना बारीकसा खडा दाताखाली आला.
थुंकायला उंबऱ्यापर्यंत गेले,
तिथेच उभी राहिले थोडा वेळ,
आणि गिळला.